उशीच्या अभ्र्याचा पांढरा

धाकटे दीर सकाळीच बिस्किटांचा पुडा घेऊन आले, तेव्हाच काकूंनी ओळखलं की आज काहीतरी शिजतंय. दीर एरवी हात हलवत येणारे. आले की बाहेरच्या खोलीतल्या भिंतीवर बोटाने दोनदा टकटक करणार, भिंत भरीव आहे अशी खात्री पटली की मगच टेकून बसणार. सगळा जन्म सेटवर प्लायवूडच्या भिंती ठोकण्यात गेलेला, त्यामुळे खऱ्या भिंतीवर विश्वास टाकणं त्यांना जडच जायचं. आज त्यांनी टकटक केली, टेकले, आणि पुडा स्वतः फोडून बिस्किटं बशीत मांडली. शिवाय धाकटी जाऊ बरोबर. आणि त्या दोघांच्या मागून, चपला दारातच भिरकावून, त्यांची मुलगी खारू.

लहानपणी सेटच्या परांचीवर सरसर चढायची म्हणून आजोबांनी तिला खारूताई म्हणायला सुरुवात केली आणि ते नाव चिकटलं ते चिकटलंच. आता ती सिनेमातली घरं, खोल्या, गल्ल्या कशा दिसणार ते ठरवायची. दहा-बारा वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली राबून यंदा पहिल्यांदा तिला स्वतःच्या नावावर अख्खा सिनेमा मिळाला होता. पण आज तिचा चेहरा असा होता की काकूंनी काही न विचारता तिच्या चहात साखर जास्त घातली.

"सगळे आलात ते बरं झालं," काकू म्हणाल्या. "ह्यांना जरा बरं वाटेल. उद्या सकाळी दुसऱ्या डोळ्याचं ऑपरेशन आहे."

"त्याबद्दलच बोलायचं होतं, वहिनी," दीर म्हणाले. त्यांनी बिस्कीट चहात बुडवलं आणि ते बशीत तुटून पडलं तरी त्यांचं लक्ष नव्हतं.

काका गॅलरीत बसले होते. खुर्ची रस्त्याकडे, पाठ घराकडे. पहिल्या डोळ्याचा मोतीबिंदू काढला त्याला पंधरवडा झाला होता आणि तेव्हापासून हा माणूस असाच बसून होता. ज्यांच्या बडबडीपायी काकूंनी आयुष्यभर रेडिओ विकत घेतला नाही, ते काका! सेटवर भिंती रंगवताना परांचीवरून खाली कोण आलं, कोण गेलं, कोणाचं कोणाशी बिनसलं याचं वर्तमान सांगणारे काका आता हो आणि नाही यापलीकडे बोलत नव्हते.

डोळ्याची पट्टी निघाली त्या दिवशी घरी आल्या आल्या ते स्वयंपाकघराच्या दारात थबकले होते.

"ही भिंत कोणी रंगवली?" त्यांनी विचारलं होतं.

"अहो, तुम्हीच की. विसरलात?"

त्यांनी भिंतीकडे पाहिलं. मग वळून काकूंकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. आणि एक शब्द न बोलता गॅलरीत जाऊन बसले. त्यानंतर काकूंशी बोलताना त्यांची नजर कधी खांद्यावर, कधी दाराच्या कडीवर.

काकूंनी ह्याचा अर्थ लावायचा तो लावला. तीस वर्षं त्या कपडेपटात होत्या. तरण्याताठ्या नट्यांना म्हाताऱ्या दिसतील असे कपडे त्यांनी हातांनी शिवले, विटवले, कोपरांवर झिजवले होते. म्हातारपण कसं दिसतं हे त्यांना कोणी शिकवायला नको होतं. दुपारी घरात कोणी नसताना त्या आरशासमोर जाऊन उभ्या राहिल्या. ह्या माणसाने किती वर्षांनी आपल्याला स्वच्छ डोळ्याने पाहिलं, आणि त्याचं तोंडच बंद झालं. हसण्यासारखी गोष्ट होती आणि काकूंना हसू येत नव्हतं. हे सांगायचं तरी कोणाला? जावेला सांगावं तर ती वर्षभर पुरवून पुरवून बोलली असती.

"बोला भावजी," त्या म्हणाल्या. "बिस्कीट बुडालं तुमचं."

मग खारूच बोलली. सिनेमातल्या आईच्या खोलीची भिंत काकांनीच रंगवली होती, पहिल्या डोळ्याच्या ऑपरेशनच्या बऱ्याच आधी. मुलगा घर सोडून गेल्यावर आई त्या खोलीत राहते. सिनेमाचा निम्मा जीव त्या भिंतीत. दिग्दर्शक तर तिच्या प्रेमातच पडला होता. निम्मं चित्रीकरण झालं आणि आईचं काम करणाऱ्या बाई पाय मोडून घेऊन बसल्या. महिनाभर काम बंद. सेट उकलून भिंती गोदामात ठेवल्या. आता बाई परत आल्या म्हणून खारूने गोदामात जाऊन पाहिलं तर गोदामवाल्याने भिंती दुसऱ्याच सिनेमाला देऊन टाकलेल्या, आणि त्यांनी त्यावर विटा रंगवलेल्या.

"विटा?" काकू म्हणाल्या.

"लालभडक. वर प्लास्टर चोपडून. खालचा रंग खरवडूनही निघत नाही. दुसऱ्या पेंटरने तीनदा करून पाहिलं. फोटोवरून, पडद्यावरून, दुकानातल्या मशीनवरून. दिव्यांखाली एकदा दवाखाना दिसतो, एकदा न्हाणीघर. दिग्दर्शक काल म्हणाले, भिंत जुळली नाही तर आईचे सगळे प्रसंग पहिल्यापासून नव्या खोलीत करू." खारूने कप खाली ठेवला. "आणि नवी खोली दुसऱ्या डिझायनरकडून करून घेऊ, असंही म्हणाले."

"मग ह्यांना विचार की. तुझेच काका आहेत."

"काल फोनवर विचारलं, काकू. म्हणाले, मला तो रंग आता जमायचा नाही. आणि ठेवून दिला फोन."

आजोबांपासूनची रीत अशी की ह्या घरात रंगाचं प्रमाण कोणी कुठे लिहून ठेवायचं नाही. डोळ्याने बघायचं आणि हाताने मिसळायचं. आजोबा नाटकाचे पडदे रंगवायचे, तेव्हाही असंच. ह्या रुबाबाची किंमत पुढच्या पिढीला मोजावी लागेल असं आजोबांच्या कधी मनात आलं नसावं.

"म्हणून मी काय म्हणतो, वहिनी," दीर पुढे सरकले, "उद्याचं ऑपरेशन आठ दिवस पुढे ढकलू. एकदा दुसरा डोळा झाला की डॉक्टर त्याला परत पंधरा दिवस रंगाजवळ फिरकू देणार नाहीत. आठ दिवसांत दादाचा राग निवळेल."

"राग कसला?"

दीरांनी बायकोकडे पाहिलं. धाकटीने पदर सारखा केला. "आता विषय निघालाच आहे तर सांगते, ताई. गेल्या सिनेमात शेवटी नावं येतात त्यात दादांचं नाव राहून गेलं. खारूच्या हातात नव्हतं ते. पण मनात ठेवलंय त्यांनी. आणि घरात कोणी तेल ओतत असेल तर..."

"कोणी म्हणजे?"

"मी नाव नाही घेतलं कोणाचं."

"घे की! माझंच घे. एवढं तरी नाव येऊ दे कुठेतरी," काकू कडाडल्या. "माणूस एका डोळ्याने जिना उतरतोय. पायरी समजून हवेत पाय टाकतो. परवा पडता पडता वाचले. आणि तुम्हाला भिंत पडलीय! प्लायवूडची! उद्या दुसऱ्या सिनेमासाठी परत याल, मग आणखी आठ दिवस, मग आणखी आठ. ऑपरेशन उद्याच होणार. बिस्किटं घ्या आणि विषय बंद."

"वहिनी, पोरीचं आयुष्य आहे."

"आणि ह्यांचा डोळा आहे!"

"बाबा, गप्प बसा," खारू म्हणाली.

दीर तिच्याकडे बघतच राहिले. जिच्यासाठी भांडायला आलो तीच उलटली, असा चेहरा.

"मी ढकला म्हणायला आले नव्हते. तुम्हीच गाडीत ठरवलंत," ती म्हणाली. "डोळा आधी. काकू बरोबर बोलतेय. मला फक्त काका का रागावलेत ते विचारायचं होतं. सिनेमा गेला तर गेला. काकांनी माझ्याशी न बोलता ऑपरेशनला नको जायला." एवढं बोलून तिला रडू फुटलं. काकूंचा सगळा त्वेष कुठल्या कुठे गेला. आता भांडावं तरी कोणाशी?

"कोणी रागावलेलं नाही," दारातून आवाज आला.

काका गॅलरीच्या उंबऱ्यात उभे होते. पंधरा दिवसांत ते पहिल्यांदाच आपणहून बोलले होते.

"खारू, तू मला रंग कोणता सांगितला होतास?"

तिने डोळे पुसले. "जुन्या उशीच्या अभ्र्याचा पांढरा."

"पुढे?"

"उन्हात वाळलेला नाही. घरातल्या घरात वाळलेला."

"बरोबर. आणि मी तोच दिला. माझ्या डोळ्यांनी मी तोच पाहिला. मऊ, जरा पिवळट, अंगाचा वास यावा असा." काका खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. "मग पट्टी निघाली. घरी आलो तर स्वयंपाकघर निळं. मी सायीचा रंग दिला होता तिथे! तू पाठवलेला आईच्या खोलीचा फोटो फोनवर काढून बघितला. ती भिंतही निळी. थंडगार, हिरवट निळी. डोळ्यांवर पिवळा पडदा होता माझ्या, आणि मी तो कापायला निळा ओतत बसलो होतो. किती वर्षं, देव जाणे. किती सेट, किती खोल्या. आणि तुम्ही सगळे डोळे असून गप्प बसलात. म्हातारा चुकतोय, चुकू दे बिचारा. कीव केलीत माझी." ते काकूंकडे वळले, पण नजर पुन्हा खांद्यावरच गेली. "तूसुद्धा. रोज त्या भिंतीसमोर उभी राहून स्वयंपाक केलास."

म्हणजे भिंत! ह्यांना भिंत खात होती. काकूंच्या छातीवरची धोंड अशी घरंगळली की त्या मटकन खुर्चीत बसल्या.

"अहो, मला वाटलं तुम्हाला आवडतो निळा," त्या म्हणाल्या.

"मला? निळा?"

"मनात म्हटलं, एवढा मोठा रंगारी, काहीतरी बघूनच दिला असेल. मला तर पहिले सहा महिने भाजी शिळी वाटायची त्या भिंतीपुढे."

"मला वाटलं ताईंची पसंती," धाकटी हळूच म्हणाली. "म्हणून मी बोलले नाही. ताईंच्या पसंतीला नावं ठेवायची म्हणजे..."

"मला वाटलं नवीन फॅशन आहे," दीर म्हणाले. "आमच्याकडेही तसाच द्यायला सांगणार होतो."

कोणाला आधी हसू फुटलं ते नंतर कोणालाच सांगता आलं नाही. धाकटीला ठसका लागला, दीरांनी भिंतीवर डोकं टेकलं, तेही टकटक न करता. अख्खं घर रंगावर पोसलेलं, आणि घरातली एक भिंत निळी का, हे एकानेही दुसऱ्याला विचारलं नव्हतं. काका मात्र हसत नव्हते. ते खारूकडे बघत होते. तीही हसत नव्हती.

"काका, मला काय वाटलं सांगू?" ती म्हणाली. "सेटवर भिंत पाहिली आणि आधी दचकले. मी मागितला तो रंग नव्हताच. म्हटलं बोलावं. मग दिवे लागले. बाई पलंगावर जाऊन बसल्या, आणि ती खोली अशी दिसली की त्या बाईला कित्येक रात्री झोप आलेली नाही. मी मागितलं ते साधं होतं. मला वाटलं, काकांनी गोष्ट माझ्यापेक्षा नीट वाचलीय. म्हणून गप्प बसले. कीव नव्हती हो. मला तुमचा हेवा वाटला होता."

काका खुर्चीत बसले. चेहऱ्यावर असं काही आलं की काकूंनी पटकन दुसरीकडे पाहिलं. एवढ्या वर्षांत हा माणूस रडताना त्यांनी पाहिला नव्हता, आणि आज पाहायचा नव्हता.

"चुकून झालं गं ते," काका पुटपुटले.

"होऊ दे की चुकून."

"पण आता तीच चूक परत कशी करू? मला दिसतंय आता."

"एकाच डोळ्याने दिसतंय," काकू म्हणाल्या.

सगळे त्यांच्याकडे वळले. काकूंनाही बोलून गेल्यावरच आपण काय बोललो ते कळलं.

"डावा अजून जुनाच आहे ना? उद्या सकाळपर्यंत तरी आहे. कपडेपटात दोन पांढरे जुळवायचे तर मी एक डोळा मिटूनच बघायची. तुम्ही नवा झाका आणि जुन्याने मिसळा. आत्ता. आठ दिवस कशाला हवेत?"

दीर उठले ते थेट गाडीकडे. पांढऱ्या रंगाच्या बादल्या, रंगात मिसळायच्या स्टेनरच्या बाटल्या, प्लायवूडचा तुकडा सगळं मागच्या सीटवर तयारच होतं. म्हणजे हे लोक पूर्ण तयारीनिशी आले होते तर! काकूंनी ते लक्षात ठेवलं. भांडायला पुढे केव्हातरी उपयोगी पडलं असतं.

गॅलरीत वर्तमानपत्रं अंथरली. नव्या डोळ्यावर काही दाबायचं नाही, चोळायचं नाही अशी डॉक्टरांची ताकीद. दवाखान्यातून मिळालेली प्लास्टिकची पारदर्शक वाटी काकूंनी त्यावर चिकटवली. पण त्यातून दिसत होतंच, आणि एकच डोळा इतका वेळ मिटून ठेवणं काकांना जमेना. काकांचे दोन्ही हात कामात. शेवटी काकू त्यांच्या मागे उभ्या राहिल्या आणि वाटीवर, न टेकवता, आपला तळवा धरला.

"हलवू नकोस," काका म्हणाले.

"तुम्ही मान हलवू नका."

बादलीचं झाकण निघालं. आत दुधासारखा पांढराशुभ्र रंग. काका वाकून बघत राहिले.

"हा पार पिवळा आहे," ते म्हणाले.

दीरांनी तोंड उघडलं. धाकटीने त्यांच्या पायावर पाय दिला.

"दादा, तो फोटो समोर धरू का?" तरीही दीरांनी विचारलंच.

"अजिबात नको. फोटो बघून निळा घालायला गेलो तर तो निळाच होईल. मला अभ्रा हवाय." काकांनी निळ्याची बाटली हातात घेतली. "खारू, बोलत राहा. अभ्रा कसला?"

"सुती. मऊ पडलेला."

"कोणाचा?"

"आईचा. मुलाचाही असेल. तो गेल्यावर तिने बदलला नाहीये."

निळा पडला. ढवळलं. आणखी निळा पडला, मग काळ्याचा एक ठिपका. घरातल्या बाकीच्यांना समोर थंड, ओलसर निळसर रंग वर येताना दिसत होता आणि काका म्हणत होते, "आला, आता मऊ आला बघ." कोणी हूं का चूं केलं नाही. पण ह्या वेळी ती गप्प बसण्याची तऱ्हा वेगळी होती. काकूंचा हात खांद्यापासून भरून आला होता, बोटांना मुंग्या येत होत्या. धाकटी न सांगता मागे आली आणि तिने काकूंचं कोपर खालून उचलून धरलं.

"तेल ओतणारीला आधार देतेस?" काकू कुजबुजल्या.

"बोलले ते बोलले, ताई. माफ करा." धाकटीने कोपर सोडलं नाही.

प्लायवूडच्या तुकड्यावर दोन हात मारले, केस वाळवायच्या ड्रायरने वाळवले, काकांनी लांबून पाहिलं, जवळून पाहिलं, आणि मान डोलावली. दीर आणि खारू तुकडा आणि भरलेली बादली घेऊन स्टुडिओत गेले. मागे उरलेली तिघं वाट बघत बसली. धाकटीने कांदा चिरायला घेतला, काकूंनी तो तिच्या हातातून काढून घेतला, मग परत दिला. काका सारखे फोनकडे बघत होते आणि आपण बघत नाही असं दाखवत होते.

फोन वाजला तेव्हा तिघांचेही हात एकदम पुढे आले. काकूंनी उचलला आणि सगळ्यांना ऐकू येईल असा मेजावर ठेवला.

"काका!" खारू ओरडतच होती. "तेच दिवे, तोच कॅमेरा. जुन्या दृश्याशेजारी तुकडा लावून पाहिला. कॅमेरामनना जुनी कुठली न् नवी कुठली ते ओळखता येईना! दिग्दर्शक विचारतायत, भिंत सापडली कुठे? बाबा रंग द्यायला लागलेसुद्धा. काका? ऐकताय ना?"

"ऐकतोय," काका म्हणाले. "बाबाला सांग, ब्रश उभा मार म्हणावं. आडवा मारला तर मी येऊन खरवडीन. त्या ठोक्याला रंगातलं काय कळतंय! आणि कडेला गोळे राहू देऊ नकोस, आणि हे बघ, तो गोदामवाला आहे ना, त्याची एक गंमत सांगतो, त्याचा बाप..."

काका बोलत सुटले. पुढची पंधरा मिनिटं फोनवर दुसऱ्या कोणाला शब्द घुसडायला जागा मिळाली नाही. काकूंनी डोळ्यांना पदर लावला आणि कांद्याकडे बोट दाखवलं. धाकटी समजूतदारपणे हो म्हणाली, कांदा तिनेच चिरला होता तरी.

संध्याकाळी सगळे गेल्यावर काका स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले. एक डोळा मिटायचे, उघडायचे, मग दुसरा.

"आता साय," ते म्हणाले. "आता निळी. आता साय." खेळच लावला होता. "दुसरा डोळा बरा झाला की हिला नीट रंग देतो."

"हात लावून बघा त्या भिंतीला! आता कुठे मला तिच्यापुढे भाजी ताजी वाटायला लागलीय."

काका हसले. काकूंनी ओटा पुसला, फडकं झटकलं, परत पुसला. विचारू नये असं ठरवूनही त्यांनी विचारलंच.

"आणि मी? मी कोणत्या डोळ्याने बरी दिसते?"

काकांनी ह्या वेळी खांद्याकडे पाहिलं नाही. त्यांनी उजवा डोळा मिटला आणि नीट पाहिलं. मग डावा मिटला आणि त्याहून जास्त वेळ पाहिलं.

"जुन्याने जरा पिवळी दिसतेस," ते म्हणाले. "नव्याने केस पांढरे दिसतात. डोळ्यांपाशी सुरकुत्या. हनुवटीवर एक तीळ आहे, तो मी विसरूनच गेलो होतो."

"मग?"

"मग काय," काका म्हणाले. "उद्या जरा लवकर निघू. दुसराही करून टाकू."